चौथ्या चाकाचा आवाज

हे वाचून तुम्ही हसणार, मला माहीत आहे. हसा. अर्ध्या भागाला आता मीही हसतो. पण यातला एक शब्दही मी पदरचा घातलेला नाही. ताईची शपथ. आणि ताई स्वतःच या गोष्टीत आहे, म्हणून शपथ जरा जपूनच घेतोय.

भुतं म्हणे मध्यरात्री येतात. आमच्याकडे आलं ते बुधवारी, भरदुपारी, टळटळीत उन्हात. हायवेवर. भावजींच्या एसयूव्हीत.

एक वाजून दहा मिनिटांनी फोन वाजला.

ताईच्या दोन्ही किडन्या चार वर्षांपूर्वी गेल्या. आठवड्यातून तीनदा डायलिसिस. किडनी मिळायच्या यादीत नाव. दोनदा बोलावणं आलं होतं, पण राखीव पेशंट म्हणून. दोन्ही वेळा पहिल्या नंबरवाल्याला आत नेताना बघून ती बॅग उचलून घरी आली होती.

या वेळी पहिला नंबर तिचा होता.

“सहाच्या आत पोचा,” हॉस्पिटलच्या कोऑर्डिनेटर बाई म्हणाल्या. “सहानंतर थांबता येणार नाही. दुसऱ्या पेशंटलाही बोलावलंय.”

दोनशे दहा किलोमीटर. हातात पावणेपाच तास. आरामात पोचणार होतो.

आता भावजींबद्दल सांगायलाच हवं. भावजी म्हणजे ताईचा नवरा. माणूस सोन्यासारखा, फक्त टायरच्या हवेचं वेड. दर रविवारी सकाळी, गाडी जागची हलायच्या आत, टायर थंड असताना हवा तपासायची. तेहतीस म्हणजे तेहतीस. बत्तीस झाली की जेवण जायचं नाही.

ताई म्हणायची, “माझं क्रिएटिनिन किती ते विचारा यांना. डोकं खाजवतील. टायरची हवा झोपेतही सांगतील.”

त्या बुधवारच्या आधीच्याच रविवारी त्यांनी एक पराक्रम केला होता. व्हिडिओ बघून स्वतःच्या हाताने पुढची चाकं मागे लावली आणि मागची पुढे. टायर सारखे झिजतात म्हणे. चार तास लागले. मग अंगठा सुजला. पण चेहऱ्यावर असं तेज, जसं काही ऑपरेशनच केलंय.

पावणेदोनच्या आत निघालो. भावजी गाडी चालवत होते, मी शेजारी. मागे ताई, मांडीवर बॅग. बॅग तिने कोणालाच उचलू दिली नाही.

दोन-पन्नासला गाडीने ‘टिंग’ केलं.

स्क्रीनवर पिवळी खूण. ड्रायव्हरच्या बाजूचा मागचा टायर... सव्वीस.

“अशक्य!” भावजी ओरडले. “रविवारी तेहतीस होती!”

गाडी कडेला घेतली. डिकीतून हवा भरायचं छोटं मशीन काढलं. मागच्या टायरला लावलं. मशीनवर आकडा आला, तेहतीस.

मी म्हटलं, “भावजी, हे तर बरोबर दाखवतंय.”

“मशीन साबणाच्या पुड्यावर फुकट मिळाल्यासारखं आहे. स्क्रीन कंपनीची आहे. स्क्रीनवर विश्वास ठेव.”

ठेवला. मशीनवर चाळीस होईपर्यंत हवा भरली. आत येऊन बघतो तर...

मागचा पंचवीस. पुढचा चाळीस.



“हवा पुढे सरकली,” भावजी हळूच म्हणाले.

“टायरमधून टायरमध्ये?”

“मग तूच सांग कुठे गेली!”

मला काय सांगता येणार? मी ऑफिसात जन्ममृत्यूच्या नोंदी टाइप करतो. शेवटी आम्ही दोन शहाण्यांनी ठरवलं की पुढच्या टायरमधली जास्तीची हवा सोडायची. भावजींनी चावीच्या टोकाने पुढच्या टायरचा व्हॉल्व्ह दाबला. फुस्सऽऽऽ...

पुन्हा स्क्रीन. पुढचा चाळीसच. मागचा एकवीस.

मागून ताईचा आवाज आला. “माझ्या किडन्या गेल्या, कळलं. तुमच्या डोक्याला काय झालं?”

तीन वाजून गेले होते. भावजी म्हणाले, चालल्यावर आकडे जागेवर येतील. दारं लावली. चावी फिरवणार, इतक्यात...

टण्.

मागून. भावजींच्या बाजूने.

टण्.

मागूनच, पण दुसऱ्या बाजूने.

टण्.

माझ्या पायाशी.

आणि मग भावजींच्या पायाशी...

भद्द.

मी खाली उतरलो. गाडीभोवती फेरी मारली. दोन्ही बाजूंना नुसतं माळरान. झाड नाही, माणूस नाही, कुत्रंसुद्धा नाही.

“पत्रा तापलाय,” भावजी म्हणाले.

तापला असेल. निघालो.

अर्ध्या तासात गाडी एका बाजूला ओढायला लागली. भावजी स्टिअरिंगला लोंबकळल्यासारखे धरून बसले होते. रस्त्याला शिव्या, कंपनीला शिव्या, मला शिव्या. स्क्रीनवर मागचा सतरा.

आणि तो आवाज पुन्हा आला.

टण्... टण्... टण्... भद्द.

त्याच क्रमाने. कोणीतरी गाडीभोवती चालत जावं, एकेका चाकाशी थांबावं, तसा.

“कोणीतरी चाकं ठोकतंय,” ताई म्हणाली.

“ताई, गाडी सत्तरने चाललीये.”

“मला दिसतंय रे ठोंब्या. तरीपण ठोकतंय.”

भावजींनी ब्रेक मारला. मी उतरलो. खरं सांगतो, उतरायचं नव्हतं.

चारही टायरवर धुळीचा थर होता. आणि प्रत्येकाच्या अंगावर, बाहेरून, एक स्वच्छ गोल ठसा. बाटलीच्या झाकणाएवढा. धूळ तेवढीच उडालेली.

भावजींच्या बाजूच्या पुढच्या टायरवर मात्र तसे सात-आठ ठसे होते... एकावर एक.

मी आत येऊन दार घट्ट ओढून घेतलं. ताई आरशातून माझ्याकडे बघत होती. 

भावजींनी पुन्हा मशीन मागच्या टायरला जोडलं. अठ्ठेचाळीस झाल्यावर मशीनमधून धूर आला आणि ते मेलं. स्क्रीनवर पुढचा अठ्ठेचाळीस. मागचा पंधरा.

आता गाडी पन्नासच्या वर नेताच येईना. चार वाजले. सव्वाचार. ताई खिडकीतून किलोमीटरचे दगड मोजत होती. मोठ्याने नाही, नुसते ओठ हलत होते.

चार-वीसला कोऑर्डिनेटर बाईंचा फोन. “कुठे आहात? दुसरे पेशंट केव्हाचे येऊन बसलेत.”

“आलोच,” भावजी म्हणाले.

सत्तर किलोमीटर होते. स्क्रीनवर अकरा.

भावजींनी गाडी कडेला घेतली. स्टेपनी आठवली, धावले. स्टेपनी दाबली तर उशीसारखी दबली. दर रविवारी चार टायर तपासणाऱ्या माणसाने पाचव्याला तीन वर्षांत हात लावला नव्हता. मी येणाऱ्या गाड्यांना हात करत सुटलो. एकही थांबली नाही. एकाने तर उलट मला हात केला, टाटा केल्यासारखा.

भावजी परत सीटवर येऊन बसले आणि कपाळ स्टिअरिंगवर टेकून रडायला लागले. कपाळ नेमकं हॉर्नवर. माणूस हुंदके देतोय आणि गाडी बोंबलतेय. कपाळ उचलायचंही त्यांना सुचेना.

“अहो,” ताई म्हणाली. “अहो, उठा. राहू दे. त्यालाही कोणीतरी असेल.”

“कोणाला?”

“जो तिथे बसलाय. दोनदा मी बसलेय ना तिथे. त्यालाही घरी नेणारं कोणीतरी असेल.”

तिने बॅग मांडीवरून काढून शेजारी ठेवली. घर सोडल्यापासून पहिल्यांदा.

मला ते बघवलं नाही. मी भावजींचं डोकं धरून हॉर्नवरून उचललं. सगळं शांत झालं.

आणि मग...

भद्द.

या वेळी टण् टण् नाही. एकच आवाज. भावजींच्या पायाशी.

भद्द. भद्द. भद्द. भद्द.

कोणीतरी चिडलंय असा. बहिऱ्या माणसाच्या दारावर धक्के द्यावेत तसा. पायाखालचा पत्रा थरथरत होता.

“समोरून येतंय,” ताई म्हणाली. “अरे, पुढचं चाक! पुढचं चाक बघ!”

मी उडी मारली. दिसत कोणीच नव्हतं. डिकीतून लोखंडी पाना काढला आणि मागचं चाक ठोकलं. टण्. पलीकडचं. टण्. माझ्या बाजूचं. टण्.

ड्रायव्हरच्या बाजूचं पुढचं.

भद्द.

ज्या टायरमध्ये अठ्ठेचाळीस हवा असल्याचं स्क्रीन सांगत होती, तो रिमखाली पसरून पडला होता. आम्ही तीनदा त्याच्या शेजारून गेलो, पण बघितलं कोणीच नाही. आम्ही आकडे बघत होतो.

किलोमीटरभर पुढे पंक्चरचं दुकान होतं. बैलगाडीच्या वेगाने पोचलो. पंक्चरवाल्याने एकदा चाकांकडे बघितलं, एकदा स्क्रीनकडे.

“चाकं कोणी बदलली?”

“मी,” भावजी म्हणाले.

“गाडीला सांगितलंत?”

“म्हणजे?”

“साहेब, हवा मोजायचं यंत्र प्रत्येक चाकाच्या पोटात असतं. चाक पुढे गेलं की तेही पुढे जातं. गाडीला काय माहीत? ती त्याला मागचाच म्हणत बसली. गळतोय पुढचा, तुम्ही भरताय मागचा. आणि...” तो थांबला. “पुढच्यातली हवा तर सोडली नाहीत ना?”

आम्ही दोघांनी दुकानाच्या छताचं निरीक्षण केलं.

त्याने स्टेपनीत हवा भरून ती चढवली, मागच्या टायरची जास्तीची हवा काढली. काढलेल्या टायरच्या कडेवरून बोट फिरवून दाखवलं. टायरच्या कुशीला चिरा पडल्या होत्या. “याच्यावर शंभरने गेला असतात, तर आत्ता लोक तुम्हाला गोळा करत असते. कळलं कसं?”

“ठोकून बघितलं,” मी म्हटलं.

त्याने माझ्याकडे वर-खाली बघितलं. “ट्रकवर असता का? तेच लोक असं ठोकून बघतात. आवाजावरून ओळखतात.”

पाच वाजून बावन्न मिनिटांनी आम्ही हॉस्पिटलच्या दारात होतो.

ताईला व्हीलचेअरवर घालून आत नेलं. भावजी सह्या करायला धावले. मी बाहेरच्या बाकावर कोसळलो.

शेजारी एक गृहस्थ बसले होते. मांडीवर बॅग. ओळखायला वेळ लागला नाही... तशीच बॅग मी दुपारभर बघत होतो.

“पोचलात,” ते म्हणाले. खरंच हसले. “बरं झालं. माझा नंबर लागेल पुढे कधीतरी.”



बॅग उचलता उचलता ते म्हणाले, “या लोकांना एक सांगा हो, मी दोनदा सांगितलं. त्या भिंतीतला पाइप बघा म्हणावं. तीन वाजल्यापासून कोणीतरी ठोकल्यासारखं वाजत होतं. तीन आवाज खणखणीत आणि चौथा एकदम फुसका. साडेचारच्या सुमाराला नुसता फुसकाच वाजत होता. मग बंद पडलं.”

“कुठल्या भिंतीत?”

त्यांनी बोट दाखवलं. भिंतीपलीकडे अतिदक्षता विभाग होता. दारापाशी काही माणसं उभी होती.  एका बाईच्या हातात मोठ्या मापाच्या चपला होत्या.

मी कोऑर्डिनेटर बाईंना गाठलं. “ज्यांची किडनी ताईला मिळतेय... ते काम काय करायचे?”

“ते सांगता येत नाही.”

“फक्त एवढं सांगा, ट्रकवर होते का?”

त्यांनी एकदा अतिदक्षता विभागाच्या दाराकडे बघितलं. मग पुन्हा तेच म्हणाल्या, “ते सांगता येत नाही.” आणि जवळजवळ पळतच आत गेल्या.

ताई आता बरी आहे. आठ महिने झाले. भावजींना तिचं क्रिएटिनिन पाठ आहे, पॉइंटसकट. इथेच थांबलो असतो, तर ही गोड गोष्ट झाली असती.

पण त्या दिवशी मी त्या गृहस्थांना माझा नंबर दिला होता. का दिला, माहीत नाही. लाज वाटली म्हणून असेल.

गेल्या आठवड्यात त्यांचा फोन आला. ते अजून यादीतच आहेत.

“तुम्हाला एक विचारायचंय,” ते म्हणाले. आवाज खाली गेलेला होता. “तो पाइपचा आवाज आठवतो का? तो आता माझ्या घरी येतो. रोज दुपारी तीनला. तीन खणखणीत, चौथा फुसका.”

मी फोन दुसऱ्या कानाला लावला.

“माझ्याकडे गाडी नाही हो. सायकलसुद्धा नाही. घरात चार पायांचं जे जे आहे, ते सगळं उलटं करून ठोकून बघितलं. पलंग, टेबल, स्टूल. सगळे पाय सारखेच वाजतात. खोली बदलली तरी आवाज माझ्याच अंगाजवळून येतो. बायको म्हणते, डोक्यावर परिणाम झालाय.”

“झोप घ्या जरा,” मी म्हटलं. दुसरं काय म्हणणार?

“कालपासून नुसता फुसकाच येतोय,” ते म्हणाले. “घाईघाईने. तुम्हाला त्या दिवशी कळलं होतं ना, काय बघायचं ते? मग मला सांगा ना... मी काय तपासू?”