लाल फडक्याला घाबरणारी मुलगी

ओकुमुरा-सान मला पहिल्यांदा दिसले, तेव्हा ते राक्षसाचा पाय उलटा धरून त्यातलं पाणी ओतत होते.

स्टुडिओच्या मागच्या अंगणात रिमझिम चालू होती. छपराखाली दांडीवर उरलेला राक्षस वाळत घातला होता.

"इतकं पाणी आलं कुठून?" मी विचारलं.

"माझ्यातून." त्यांनी कमरेत वाकून नमस्कार केला. "राक्षसाच्या रबरी पोशाखात फार घाम येतो हो. तुम्ही किंचाळणाऱ्या सुमीए-सान ना? मी किती वेळा तुमच्या अंगावर धावून आलोय!"

खरंच की... पण भेट अशी कधी झालीच नव्हती. ते एका दालनात पुठ्ठ्याचं तोक्यो तुडवायचे, मी दुसऱ्या दालनात उंच बांबूकडे पाहून किंचाळायचे. बांबूच्या टोकाला लाल फडकं. तेच राक्षसाचं तोंड. त्या फडक्याला मी वर्षानुवर्षं मनापासून घाबरले. पगार त्याचाच होता.

मग आम्ही दुपारचा डबा राक्षसाच्या शेपटीवर बसून खाऊ लागलो. आपल्या डब्यातलं एकुलतं एक खारवलेलं उमे, ते लालचुटूक आंबट फळ, ते गुपचूप माझ्या भातावर ठेवायचे — आणि छताकडे बघायचे.

घात तिथेच झाला. आता फडकं दिसलं की मला ते उमे आठवायचं, आणि गाल लाल व्हायचे.

"शहर जळतंय, सुमीए-सान!" दिग्दर्शक हात्ता ओरडले. "आणि तुम्ही लाजताय कुणाला? उद्या किंचाळला नाहीत, तर दुसरी मुलगी आणतो. तुम्ही गावी नागाओकाला जाऊन वडिलांच्या दुकानात बरण्यांतलं सोयाबीनचं मिसो विका!"

वडील तर वाटच बघत होते.

दुसऱ्या दिवशी बांबू धरायला ओकुमुरा-सान स्वतः उभे! आमच्याकडे आवाज नंतर भरत, त्यामुळे कॅमेऱ्यामागे कुणी काहीही बोलावं.

"सुमीए-सान," बांबूखालून आवाज आला, "रविवारी नागाओकाला जाऊन आलो."

कॅमेरा चालू होता. मी फडक्यावरची नजर हलवली नाही.

"तुमच्या वडिलांना म्हटलं, मुलगी द्या. त्यांनी विचारलं, काम काय करता? मी... करून दाखवलं."

मी किंचाळले. अशी किंचाळले, की शिडीवरचा दिवेवाला खाली उतरला.

"हीच ती भीती!" हात्तांनी डोळे पुसले.

"बाबा काय म्हणाले?" मी धापा टाकत विचारलं.

"म्हणाले, बरण्यांपासून लांब गर्जा. मग जेवायला वाढलं."

"आणि मला कधी विचारणार होतात?"

"तेच तर विचारतोय... केव्हाचा बांबू धरून उभा आहे."

दुपारी मी माझ्या डब्यातलं उमे उचललं आणि त्यांच्या भातावर ठेवलं. छताकडे बघायची पाळी माझी होती.

त्यानंतर मी पुष्कळ किंचाळले. लोकांनी प्रेमाने ऐकलं. निवृत्तीच्या दिवशी, रिवाजाप्रमाणे, सगळ्यांचे वाकून आभार मानले. सर्वांत खाली वाकले ती कोपऱ्यातल्या त्या बांबूपुढे.

"जरा इकडेही," मागून आवाज आला.

"तुमचे घरी," मी म्हटलं. "रोज मानते, कळत नाही का?"