प्रतिलाट

शिरवणच्या उपसागरात कित्येक वर्षांत लाट फुटली नव्हती. बाहेर समुद्र कितीही खवळो, आतलं पाणी परातीतल्यासारखं निवांत असे. त्या भरवशावर अगदी पाण्याच्या कडेला घरं झाली, बाजार भरू लागला, इस्पितळ उभं राहिलं. जुना दगडी बंधारा नगरपालिकेनं पाडला आणि त्याचे दगड रस्त्याला वापरले. शाळेतली मुलं लाटेचं चित्र काढत ती पुस्तकात पाहून.

ही किमया प्रतिलाट केंद्राची. उपसागराच्या तोंडाशी प्रचंड तराफे ओळीनं नांगरलेले होते. बाहेरची लाट जिथं पाणी वर उचले, तिथं तराफे तितकंच खाली खेचत. दोन लाटा एकमेकींत मिसळल्या की त्यांच्या उंचीची बेरीज होते, हा तरंगांचा साधा नियम. एकीचं शिखर आणि दुसरीची दरी एका जागी आली, की बेरीज शून्य. तराफ्यांनी सोडलेल्या या उलट्या लाटेला सगळे प्रतिलाट म्हणत.

केंद्राची प्रमुख शरयू तिरोडकर त्या दुपारी पडद्यासमोरून हलली नव्हती. वादळ किनाऱ्याकडे सरकत होतं. तेवढ्यात दाऊद मुकादम आत आले. उपसागराबाहेर, भूशिरापलीकडे जैतण नावाचं मच्छीमारांचं गाव आहे. तिथल्या सोसायटीचे ते अध्यक्ष.

"बाई, सकाळपासून आमच्याकडं पाणी भलतंच चढतंय. वादळ तर अजून लांब आहे. हे काय चाललंय?"

"बसा, चाचा."

"बसायला नाही आलो."

शरयूनं पडदा त्यांच्याकडे वळवला. त्यावर समुद्र निळा होता आणि त्यात एक लाल पट्टा होता.

"इथं लाट मरते असं आपण म्हणतो, पण ती मरत नाही. तिच्यातली शक्ती कुठंतरी जातेच. आमची प्रतिलाट बाहेरही पसरते. आत शिखरावर दरी पडते, म्हणून पाणी सपाट. पण बाहेर काही ठिकाणी शिखरावर शिखर पडतं. तिथं लाट दुप्पट होते."

"ते ठिकाण कुठलं?"

"एरवी खोल समुद्रात असतं, तिथं कुणी नसतं. आज लाटांची दिशा फिरली." तिनं पट्ट्यावर बोट टेकवलं. "आज ते जैतण आहे."

मुकादम लाल पट्ट्याकडे पाहत राहिले. "दुप्पट म्हणजे किती वाईट?"

"उंची दुप्पट झाली की मार चौपट होतो."

त्यांनी तिथूनच गावात फोन लावला. मशिदीच्या भोंग्यावरून सांगा, म्हातारीकोतारी आधी, सगळ्यांनी टेकडी गाठा. फोन ठेवून ते वळले.

"माणसं चढतील वर. होड्या बाहेर आहेत. माझा जावई आहे एकीवर. मागं वादळ, पुढं आमच्या खाडीचं तोंड. नेहमीच्या तुफानात पोरं आत येतात. चौपट मारात नाही यायची."

शरयूनं तराफ्यांची लय बदलून पाहिली. पट्टा सरकला, पण जिथं सरकला तिथं दुसरा किनारा होता आणि त्या किनाऱ्यावर दुसरी वस्ती.

"बंद करा यंत्र," मुकादम म्हणाले. "होड्या आत येईपर्यंत."

"लाटा शिरवणात शिरतील. इथं बंधारा राहिलेला नाही."

"इथल्या लोकांना पळायला जमीन आहे, बाई. होडीतल्यांना नाही."

तिनं इस्पितळाला कळवलं, खालच्या मजल्यावरचे रुग्ण वर हलले याची खात्री करून घेतली, शहराचा भोंगा वाजवला आणि तराफे थांबवले.

उपसागराचं पाणी हळूहळू श्वास घेतल्यासारखं वरखाली होऊ लागलं. मग पहिली लाट उठली. आणि किनाऱ्यावरच्या कॅमेऱ्यात शरयूला जे दिसलं, ते तिनं कुठल्याच गणितात धरलं नव्हतं. लोक पळत नव्हते. ते गल्ल्यांमधून किनाऱ्याकडे येत होते. लाट येणार म्हणून, पाहायला. मुलांना खांद्यावर घेऊन.

तिनं ध्वनिक्षेपकावरून ओरडून सांगितलं, पुन्हा सांगितलं. काहींनी आवाजाच्या दिशेला हात हलवले. तिचा हात तराफे पुन्हा सुरू करायच्या कळीवर गेला. मुकादमांना पडदा दिसत होता. ते फोन कानाला लावून एवढंच म्हणाले, "अजून दोन होड्या बाहेर आहेत."

तिनं हात तसाच ठेवला. शेवटची होडी खाडीत शिरल्याचं मुकादमांनी सांगितलं, तेव्हाच कळ ओढली.

जैतणचं एकही माणूस गेलं नाही. शिरवणात पाच जण गेले. त्यांत एक मास्तर होते आणि कॉलेजात जाणाऱ्या दोन मैत्रिणी.

चौकशी समितीनं शरयूला दोषी ठरवलं नाही आणि निर्दोषही. यंत्र कधी थांबवायचं, हे दुसऱ्या कुणी ठरवावं, अशी तिनं लेखी विनंती केली. कुणीही ते काम अंगावर घेतलं नाही.

त्या दोन मैत्रिणींपैकी एकीची आई, सुलभा आंबेरकर, एक दिवस केंद्रावर आल्या. खुर्चीच्या कडेला बसल्या.

"तुम्ही कळीवर हात ठेवून थांबला होतात तेव्हा," त्यांनी विचारलं, "माझी मुलगी पडद्यावर दिसत होती का?"

"दिसत होती," शरयू म्हणाली.

बाईंनी मान हलवली. "माझे आजोबा समुद्रात गेले. आजी म्हणायची, दर्यानं नेलं. रडायची आणि पुन्हा त्याच दर्याला नारळ द्यायची. मी काय म्हणू?"

त्या गेल्यावर शरयू परत पडद्यासमोर येऊन बसली. वेधशाळेकडून नव्या वादळाचा इशारा आला होता. वाऱ्याची दिशा निश्चित झाली होती, आणि लाल पट्टा कुठं टाकायचा, हे यंत्र तिला विचारत होतं.