दोनदा आलेलं नाव

मुलांनो, जरा डोळे मिटा आणि एक खोली डोळ्यांसमोर आणा. झाशीतल्या आमच्या मराठी मंडळाची. भिंतीवर जुन्या नाटकांचे फोटो, खिडकीत खडखडणारा कूलर, टेबलावर एक संगणक आणि हलक्या प्लास्टिकच्या खुर्च्या. दर रविवारी सकाळी मी तिथं मुलांना प्रोग्रॅमिंग शिकवतो.

अकरा वर्षांच्या सईनं हजेरीचा प्रोग्रॅम लिहिला होता. पडद्यावर नाव आलं की त्या मुलानं येऊन एंटरची कळ दाबायची, मग नावापुढे ‘हजर’ उमटतं. नावांचा गठ्ठा कसा येईल हे प्रोग्रॅमला आधी ठाऊक नसतं. म्हणून चालता चालताच तो त्याला विचारतो, तू यादी आहेस की संच? यादी म्हणजे प्रसादाची रांग. एकाच नावाची दोन मुलं असली तर दोघंही उभी राहतात. संच म्हणजे रंगांची पेटी. एक रंग एकदाच. दुसरा आपोआप गळतो.

आमच्याकडे प्रांजली दोन होत्या. एक कॉलनीतली, दुसरी जवळच्या बबिना छावणीतून येणारी, फौजीची मुलगी. आडनावं आम्ही लिहीतच नसू. गावात मराठी घरं मोजकी, आडनावं हवीत कशाला?

गणपतीतल्या नाचाची नावंही त्याच प्रोग्रॅमनं सांगायची होती. बबिन्याची प्रांजली सगळ्यांत छान नाचायची, म्हणून पुढच्या रांगेतली मधली जागा तिची. त्या संध्याकाळी ती बडा बाजारातून आणलेले नवे घुंगरू बांधून आली. प्रांजली हे नाव एकदाच आलं आणि कॉलनीतली उठून गेली.

“आजोबा, माझं?” बबिन्याच्या प्रांजलीनं मला विचारलं.

मी पडद्याकडे पाहून म्हणालो, “संगणक चुकत नाही, बाळ.”

ती पायऱ्या उतरून गेली. मधली जागा सईला मिळाली.

घरी जाऊन मी प्रोग्रॅम उघडला. एका ओळीत यादीचा संच करून टाकला होता. ती ओळ आधी नव्हती, नंतर सईनंच घातली होती, लिहिण्याच्या पद्धतीवरूनच मी ओळखलं. तरी बोललो नाही. तिला बोललो असतो तर मीही न तपासताच उत्तर दिलं होतं, हे सांगावं लागलं असतं. पंधरा दिवसांत प्रांजलीच्या वडिलांची जोधपूरला बदली झाली.

परवाच्या रविवारी हजेरी चालू होती. प्रांजली. कॉलनीतली उठली, कळ दाबून जागेवर बसली.

मग पुन्हा प्रांजली.

“अरे, मैं तो आ गई!” ती हसली.

“आजोबा, सई का प्रोग्रॅम पागल हो गया,” नीरज ओरडला. सगळी मुलं हसली. सई हसली नाही.

मी तपासून पाहिलं. यादी की संच? उत्तर आलं, संच. संचात एक नाव दोनदा राहूच शकत नाही. कुठं एखादी मोकळी जागा चुकून पडली असेल म्हणून दोन्ही नावं अक्षर न अक्षर जुळवली. जुळली.

“मी नाही केलं, आजोबा,” सई पुटपुटली. “इस बार नहीं.”

मी बाकीच्या मुलांना घरी पाठवलं. पडद्यावर नाव तसंच थांबलं होतं. आम्ही दोघंही टेबलापासून दूर उभे होतो.

एंटरची कळ हळूच खाली गेली.

हजर.

“तिला फोन लावा ना, आजोबा,” सई म्हणाली.

मी फोन स्पीकरवर टाकून टेबलावर ठेवला. जोधपूरहून प्रांजलीचा आवाज आला, अगदी नेहमीसारखा.

“मघाशी माझं नाव घेतलंत ना? मी हजर म्हटलं. ऐकू आलं का?”

सई फोनकडे वाकली.

“आलं. प्रांजली, गणपतीत तुझं नाव मी काढून टाकलं होतं.”

“आणि मला ते कळलं होतं,” मी म्हणालो. “मी गप्प बसलो.”

प्रांजलीनं विचारलं,

“मग आता मी बसू?”

सईनं शेजारची रिकामी खुर्ची टेबलाकडे ओढायला घेतली. एका हातानं ती प्लास्टिकची खुर्ची हलेना, म्हणून तिनं दोन्ही हात लावले.