चोपन्न किलो

होडी पाण्यात सोडायची, ती कुठवर बुडते ते पाहायचं आणि मग तिथे रंगाचा पट्टा ओढायचा, ही सगळीकडची रीत. मास्तरांची रीत उलटी. होडी कारखान्यात कोरडी उभी असतानाच ते निळा पट्टा ओढून घेत.

"आधी गणित, मग पाणी," ते म्हणत.

"मास्तरांनी पट्टा ओढला की पाणी मुकाट तिथवर येतं," साचेवाला नव्या कामगारांना सांगायचा. साच्यात काचेच्या धाग्यांची चटई अंथरून तिच्यावर राळ चोपडायची, हे त्याचं तीस वर्षांचं काम. मास्तर हे नावही त्यानंच पाडलं होतं, कारण होड्यांचे आराखडे काढणारा हा माणूस साधा खिळासुद्धा समजावून सांगत असे.

त्या गणितासाठी मास्तर एक तक्ता करत. होडीतल्या एकूण एक वस्तूचं वजन आणि जागा त्यात असे: तळाचं शिसं, डोलकाठी, चूल, पाण्याची टाकी, दाराच्या कड्यासुद्धा. पहिली ओळ मात्र ठरलेली. 'सुकाणूपाशी, डावीकडे: लेक.' ती सहा वर्षांची होती तेव्हा एकोणीस किलो. मग सव्वीस. मग एकेचाळीस. पोर मोठी होत गेली ती त्या तक्त्यांतून. शेवटचा आकडा चोपन्न.

ही नवी होडी बापलेकींनी मिळून काढायला घेतली होती. नऊ मीटर लांब, फायबरग्लासची, शर्यतीत पळेल आणि महिनाभराच्या सफरीलाही जाईल अशी. शर्यतीला हलकी हवी आणि सफरीला भरलेली हवी, म्हणून रोज भांडण.

"बाबा, ही होडी आहे की तरंगतं स्वयंपाकघर? चूल काढ आधी."

"आणि खाशील काय?"

"वारा!"

"वारा खाऊन तुझी आई तुला घरात घेणार नाही."

आराखडा अर्धा झाला असताना लेक जुनी होडी घेऊन एकटीच समुद्रात गेली. तिसऱ्या दिवशी होडी सापडली, धडधाकट. लेक सापडली नाही.

त्याला वर्ष झालं. मास्तरांच्या बायकोनं 'गेली' हा शब्द घरात येऊ दिला नव्हता. चूल शेवटी होडीत राहिली. भांडायला कुणी उरलं नव्हतं. तक्ता पुरा करताना मास्तरांनी पहिल्या ओळीवर पट्टी ठेवली आणि सरळ रेघ मारली.

मंगळवारी क्रेननं होडी पाण्यात उतरवली. ती डावीकडे कलली. निळा पट्टा डाव्या बाजूला, मागे, दोन बोटं पाण्याखाली गेला.

साचेवाला ओशाळला. "मास्तर, माझ्या हातून डावीकडे एखादा थर जास्त बसला असेल का?"

"कोरडी होडी आपण क्रेनला टांगून तोलली होती. तेव्हा सरळ होती ना?"

"होती."

"मग तुझा थर नाही."

दोघांनी होडी रिकामी केली. गाद्या, नांगर, दोर, भांडी, सगळं धक्क्यावर आलं. टाक्या कोरड्या केल्या. तळाशी फडकं फिरवलं, ते सुकंच निघालं. त्या वस्तू मास्तरांनी तक्त्यातून वजा केल्या. होडी जेवढी वर यायला हवी तेवढी आली, पण कल गेला नाही.

मग त्यांनी धक्क्यावर बसून गणित उलटं केलं. कल किती, म्हणजे वजन किती आणि ते कुठे. आकडा आला तेव्हा त्यांनी कागद घडी करून खिशात ठेवला.

"किती आलं?" साचेवाल्यानं विचारलं.

"चुकलंय कुठेतरी."

तीस वर्षांत हे वाक्य साचेवाल्यानं ऐकलं नव्हतं.

बुधवारी दुपारी दोघं होडी वाऱ्यावर घेऊन गेले. मास्तरांनी केबिनच्या दारात गवंड्याची पाणसळ आडवी ठेवली. होडीनं दिशा बदलली की माणसांनी उठून उंच बाजूला जाऊन बसायचं असतं, म्हणजे ती सावरते. वळण घेताना त्या दिवशी दोघंही जागचे हलले नाहीत. शीड फडफडून दुसरीकडे गेलं. पाणसळीतला बुडबुडा एका टोकाला जाऊन थांबला.

आणि तीन श्वासांनंतर, हळूच, मध्याकडे सरकला.

"कोण उठलं?" साचेवाल्यानं विचारलं. मग त्याचं त्यालाच ऐकू आलं.

सहा वळणं घेतली. सहाही वेळा तसंच झालं. घाई नाही, धडपड नाही. चांगली शिकलेली पोर उठते, तसं.

साचेवाल्यानं ते घरी बायकोला सांगितलं आणि तिनं मास्तरांच्या बायकोला. शुक्रवारी सकाळी त्या एकट्याच धक्क्यावर येऊन उभ्या राहिल्या. दुपारी होडीचं गिऱ्हाईक येणार होतं, समुद्रापलीकडच्या बंदरातलं एक जोडपं. होडी परत इकडे यायची नव्हती.

"कागद दाखवा."

मास्तरांनी खिशातला कागद दिला. बाईंनी तो वाचला आणि पुन्हा होती तशीच त्याची घडी घातली.

"अहो, तिला परक्यांबरोबर पाठवणार होतात?"

"अगं, तो नुसता आकडा आहे."

"आकडाच आहे ना? मग लहानपणी तापानं ती सोळा किलोवर आली, तेव्हा रात्रभर 'सोळा, सोळा' का घोकत होतात?"

मास्तरांनी होडीचा दोर धक्क्याकडे ओढून धरला.

त्या होडीवर चढल्या. सुकाणूपाशी, उजवीकडे बसल्या. समोरची बाजू रिकामी होती. पाणसळ अजून दारातच होती. बाई उजवीकडे बसलेली आणि बुडबुडा बरोबर मध्ये.

बराच वेळ त्या बसून राहिल्या. दोर डोलकाठीवर टकटकत होते.

मग त्या उठल्या. मास्तरांनी हात दिला, तो धरून धक्क्यावर आल्या. मागे वळून, शाळेच्या फाटकाशी उभं राहून बोलवावं तशा म्हणाल्या,

"चल गं. किती वेळ झाला. घरी चल."

होडी हलली.

डावी बाजू पाण्यातून वर आली. सावकाश. निळा पट्टा पाण्याला समांतर झाला, गणितात होता तसा.

धक्क्यावर उभा असलेला साचेवाला दोन पावलं मागे सरला आणि त्यानं वाट मोकळी केली.

गिऱ्हाईकानं होडी नेली. मास्तरांनी गाडी सुरू केली. बायको शेजारी बसली होती, हात मांडीवर. फाटकातून बाहेर पडताच गाडीत टिकटिक सुरू झाली आणि समोर लाल दिवा लुकलुकू लागला. मागच्या सीटवरच्या माणसानं पट्टा लावला नाही की लागतो, तो.

मास्तरांनी आरशात पाहिलं नाही.

"पट्टा लाव गं," बायको मागे न वळता म्हणाली.

टिकटिक थांबली.