सावनीच्या घरातले आजोबा

घर पाहावं बांधून, म्हणतात. आमच्या नातीनं ते चौदाव्या वर्षी पाहिलं, आणि बांधलं तेही आमचंच नेपरव्हिलचं घर. कॉम्प्युटरवर ठोकळे रचून जग उभं करण्याचा एक गेम असतो, त्यात तिनं ते बांधलं. माझी मुलगी वैदेही सकाळच्या ट्रेननं शिकागोला नोकरीला जायची. त्यामुळे शाळा सुटली की सावनी आमच्याकडे यायची आणि डायनिंग टेबलावर लॅपटॉप उघडून बसायची. पोरीचे डोळे जाणार, एवढंच तेव्हा माझं त्यावरचं मत होतं.

मग एक दिवस मी चष्मा लावून नीट बघितलं आणि बघतच राहिले. एक फुटाला एक ठोकळा. लिनन क्लोजेटमधलं, म्हणजे चादरी-टॉवेलांच्या कपाटातलं आमचं देवघर, त्याचं दार उघडलं की आत मिणमिणता दिवा. गराजमध्ये चपलांचा रॅक. बेसमेंटमध्ये घर गरम ठेवणाऱ्या भट्टीशेजारी तांदळाच्या पिशव्या, तिथं खरोखर होत्या तेवढ्याच. माझे यजमान उल्हास आयुष्यभर हायवेचे पूल बांधून रिटायर झालेले. त्यांनी आणि सावनीनं तो अख्खा उन्हाळा गुडघ्यांवर रांगत टेपनं घर मोजलं होतं. जिन्याची एक पायरी अर्ध्या इंचानं कमी आहे, हे मला तेहतीस वर्षांनी त्या पोरीकडून कळलं.

या गेममध्ये खेळण्याचे प्रकार असतात, मोड म्हणतात त्यांना. सर्व्हायव्हल मोडमध्ये प्रत्येक ठोकळा खणून आणावा लागतो, आपल्या माणसाला भूक लागते आणि उंचावरून पडला तर तो मरतो. क्रिएटिव्हमध्ये सगळं सामान आयतं मिळतं, उडता येतं, भूक नसते, आणि काहीही झालं तरी इजा होत नाही. सावनीनं ते घर पहिल्या ठोकळ्यापासून सर्व्हायव्हलमध्ये बांधलं होतं. सात महिने लागले तिला, तरी छप्पर राहिलंच होतं.

"क्रिएटिव्हमध्ये दोन दिवसांत झालं असतं ना गं?" मी विचारलं.

"आजी, दॅट डझन्ट काउंट," ती मान वर न करता म्हणाली.

या उत्तराचं मला फार कौतुक वाटलं. चार जणांना फोन करून सांगितलं मी.

उल्हासचाही एक माणूस होता त्या जगात, निळ्या शर्टाचा. सावनीनं आमच्या जुन्या टॅबलेटवर त्यांना तो करून दिला होता आणि बेसमेंटमधल्या कॉम्प्युटरवर ते जग चोवीस तास चालू ठेवलं होतं. जानेवारीत छपराचं काम निघालं. उल्हासचा माणूस एका दुपारी तीनदा छपरावरून पडून मेला, हातातलं सामानही गेलं. "आजोबा, यू आर होपलेस!" असं म्हणत सावनीनं एक ओळ टाइप केली आणि फक्त त्यांच्या माणसाला क्रिएटिव्हमध्ये टाकलं. तो मंगळवार होता. तारीख मला नंतर शोधावी लागली.

उल्हासचं हृदय तेव्हा जेमतेम पंचवीस टक्के ताकदीवर चाललं होतं. अशा पेशंटचं वजन रोज सकाळी करायचं असतं. अंगात पाणी साठायला लागलं की काटा आधी सांगतो, धाप नंतर लागते. मी अडतीस वर्षं डॉक्टरकी केलेली, तेव्हा फ्रिजला लटकवलेल्या वहीत रोजचा आकडा लिहिण्यात माझ्याकडून खाडा नव्हता. आकडा रोज इकडेतिकडे व्हायचा. जिवंत माणसाचा होतोच.

बुधवारी वजन १५१.४ पौंड भरलं. गुरुवारी १५१.४. शुक्रवारी, शनिवारी तेच. रविवारी मी काट्याची बॅटरी बदलली आणि स्वतः उभी राहिले. माझं वजन आदल्या दिवसापेक्षा पाऊण पौंड जास्त आलं, म्हणजे काटा ठीक होता. उल्हासना पुन्हा उभं केलं. १५१.४. मग मी त्यांना दोन ग्लास पाणी प्यायला लावलं आणि लगेच परत उभं केलं.

"कांचन, मी काय बटाट्याचं पोतं आहे का?" ते म्हणाले.

१५१.४.

तब्येत मात्र सुधारली होती. जिना ते एका दमात चढत. संध्याकाळी पावलांवर बोट दाबलं तर खळगा पडत नव्हता. फक्त जेवायला नको म्हणत. आग्रह केला तर चार घास खात, तेही माझ्यासाठी. अकराव्या दिवशी ते सकाळीच जिन्यात मधेच बसले, धापा टाकत. वजन १५२.८. दुपारी तीन थालीपीठं खाल्ली आणि चौथं मागितलं. टेबलावर सावनी सहज म्हणाली, "सॉरी आजोबा, काल मी तुम्हाला परत सर्व्हायव्हलमध्ये टाकलं. यू वेअर चीटिंग टू मच."

मी हसले. भांडी घासून झाल्यावर वही काढली, आणि मग हसू आलं नाही.

आता माझी चूक सांगते. दुसरी एखादी बाई देवापुढे बसली असती, नाहीतर तिनं गप्प राहून मोड बदलून घेतला असता. मी डॉक्टर. एखाद्या औषधानं गुण येतो असं वाटलं तर ते बंद करून, परत सुरू करून बघायचं, हे माझ्या हाडात भिनलेलं. मी सावनीला सांगितलं, आपण चौदा दिवस एक सायन्स प्रोजेक्ट करू. रोज दुपारी इथं आलीस की, सुट्टीच्या दिवशीसुद्धा, नाणं उडव, जो मोड निघेल त्यात आजोबांना टाक, चिठ्ठीवर लिही आणि चिठ्ठी श्रीखंडाच्या रिकाम्या डब्यात घाल. मला सांगायचं नाही, आजोबांनाही नाही. मी दुसऱ्या दिवशी सकाळी वजन आणि लक्षणं लिहीन.

सहाव्या दिवशीच मला कळून चुकलं होतं. सर्व्हायव्हलचे दिवस मला त्यांच्या चेहऱ्यावरूनच ओळखू येत, आणि दर खेपेला ते आधीपेक्षा खाली जात. तरी मी थांबले नाही. प्रयोग अर्धवट टाकायचा नाही, ही आमच्या पेशाची खोड. बाराव्या दिवशी त्यांच्या छातीत पाणी भरलं. पाठीला चार उशा लावून, लघवीचं औषध दुप्पट देऊन मी त्यांना संध्याकाळपर्यंत ओढून आणलं. चार वाजता सावनी आली, तिनं नाणं उडवलं, आणि सव्वाचारला उल्हास उठून बसले आणि पेपर मागू लागले. मी बाथरूममध्ये जाऊन रडले. त्यांच्यावर मी प्रयोग केला होता, नवऱ्यावर.

पंधराव्या दिवशी डबा उपडा केला. चौदाच्या चौदा चिठ्ठ्या माझ्या वहीशी जुळल्या. योगायोगानं असं व्हायला सोळा हजारांत एक संधी असते. मी सावनीला म्हटलं, "आजोबांना आता क्रिएटिव्हमध्येच राहू दे. कायम."

"ओके," ती म्हणाली. काही विचारलं नाही तिनं. त्या पोरीची समज थोर, एवढंच मला तेव्हा वाटलं.

पुढचे तीन आठवडे उल्हास ठणठणीत होते. ड्राइव्हवेतला बर्फ त्यांनी स्वतः उपसला, हातमोजे न घालता, साध्या शर्टात. बाहेर शून्याखाली दहा होतं. त्यांच्या बोटांना हात लावून बघितला तर ती गरमही नव्हती आणि गारही नव्हती. मी त्यांना आत ओढलं आणि चहा दिला. त्यांनी कप धरून ठेवला. साय धरली तरी तो तसाच हातात होता.

"दाढी वाढत नाहीये माझी," ते म्हणाले.

"बरंच आहे की."

"आणि झोपही लागत नाही. नुसता पडून असतो."

दुसऱ्या दिवशी मी लायब्ररीतून परत आले तेव्हा टेबलावर माझी वही होती आणि शेजारी चौदा चिठ्ठ्या तारखेवार लावलेल्या. माणूस इंजिनिअर. दोन रकाने शेजारी ठेवले की त्याला तिसरं काही सांगावं लागत नाही.

"हा काय प्रकार आहे, कांचन?"

मी सगळं सांगितलं, प्रयोगाचंसुद्धा. ते रागावतील असं वाटलं होतं. त्यांनी चिठ्ठ्या एकावर एक रचून नीट डब्यात ठेवल्या.

"तू आमटी करतेस ना, तिचा वास मला येतो," ते म्हणाले. "चिंचगुळाचा, फोडणीचा. सगळा कळतो. पण खावीशी वाटत नाही. तसंच सावनी आली की कळतं सावनी आली. पण..."

त्यांनी डब्याचं झाकण लावलं.

"परत घाल मला."

"उल्हास, तुम्ही जाल."

"किती दिवस?"

हा प्रश्न मला शेकडो पेशंटनी विचारला होता आणि मी कुणालाच सरळ उत्तर दिलं नव्हतं. त्यांना दिलं. "महिना. कदाचित तेवढाही नाही."

त्यांनी डबा उचलून फडताळात ठेवला. मग वळून म्हणाले, "आज जेवायला काय करणार आहेस?"

असा माणूस माझ्या वाट्याला आला होता, आणि सेहेचाळीस वर्षांत मी त्यांना हे एकदाही बोलून दाखवलं नव्हतं. त्या दुपारी दाखवलं. ते लाजले.

सावनीनं मोड बदलला. आजोबांनीच समजावलं तिला, काय समजावलं ते मला माहीत नाही. दार लावून घेतलं होतं. त्या संध्याकाळी त्यांनी आमटीभात खाल्ला, वर तूप आणि मिठाचं पथ्य मोडून लोणचं. खाताना डोळ्यांतून पाणी येत होतं. तिखट लागलं, म्हणाले.

ते एकोणीस दिवस राहिले. गेममधलं छप्पर त्यांनी नातीबरोबर पुरं केलं, प्रत्येक ठोकळा खणून आणून. शेवटचा बसवला तेव्हा दोघांनी टाळी दिली. मार्चमधल्या एका गुरुवारी, दुपारी, खुर्चीत बसल्याबसल्या ते गेले. सावनी शेजारीच होती.

मी रडले नाही.

सगळ्यांनी वाखाणलं. काकू किती धीराच्या, म्हणाले. मंडळातल्या बायकांनी तेरा दिवस डबे आणले, ते मी इतरांना वाढले. वैदेही माझ्या मांडीवर डोकं ठेवून रडत होती आणि मी तिच्या केसांतून हात फिरवत फ्रीझरमध्ये किती जागा उरली आहे याचा विचार करत होते. धक्का बसला की असं होतं, हे मीच पेशंटच्या नातेवाइकांना सांगत आले होते. भूकही मरते, झोपही जाते.

चौदाव्या दिवशी दुपारी मी दुधी चिरत होते. सावनी टेबलाशी बसली होती. मोठी सुरी सालीवरून घसरली आणि डाव्या अंगठ्यावर आडवी, जोरात बसली.

मी अंगठा नळाखाली धरला.

रक्त नव्हतं. चीर नव्हती.

मी सुरी पुन्हा उचलली, अंगठ्यावर ठेवली आणि दाबली. आणखी दाबली.

काही नाही.

वर बघितलं तर सावनी माझ्याकडेच बघत होती. तिच्यासमोर एक टॅबलेट होता, मी आधी कधी न पाहिलेला. पडद्यावर आमचं किचन. सिंकपाशी हिरव्या साडीतली एक बाई उभी होती.

"आजी, आय मेड वन फॉर यू टू," ती म्हणाली.

"कधी?"

"त्या दिवशी. ॲम्ब्युलन्स यायच्या आधी."

"आजोबांनी काय सांगितलं होतं तुला?"

"ते आजोबांचं होतं." तिचा आवाज अगदी शांत होता. "मी तुला नाही सोडणार."

"सावनी, मला परत घाल."

"दुखतंय का तुला?"

खोटं बोलायला हवं होतं. पण मला खोटं बोलावंसंही वाटत नव्हतं, काहीच वाटत नव्हतं.

"नाही," मी म्हटलं.

तिनं मान हलवली, टॅबलेट बॅगेत ठेवून चेन लावली आणि मला घट्ट मिठी मारली. बाहेर वैदेहीचा हॉर्न वाजला. दुसऱ्या दिवशी मी बेसमेंटमध्ये गेले. कॉम्प्युटर तिथं नव्हता. त्याच्या जागेवरची धूळसुद्धा तिनं पुसून घेतली होती. पोरीचं काम पहिल्यापासूनच पक्कं.

याला चार वर्षं झाली. सावनी आता ॲन आर्बरला युनिव्हर्सिटीत आहे, आर्किटेक्चर करते. प्रोफेसर तिचं फार कौतुक करतात, आणि ते खरंच आहे. दर रविवारी न चुकता ती मला फोन करते. हवा विचारते, शेजारपाजार विचारते, मी काय वाचते आहे ते विचारते. जेवलीस का, एवढं मात्र ती कधी विचारत नाही.