नवव्या ताऱ्याची साक्ष

चित्रांवरचा लोकांचा विश्वास उडाला त्याला बारा वर्षं झाली होती. कुणाचाही चेहरा, कुणाचाही आवाज आणि हवी ती तारीख घालून क्षणात वाटेल ते दृश्य तयार करता येऊ लागलं, तेव्हा न्यायालयांनी फोटो, चित्रफिती आणि फोनमधल्या नोंदी पुरावा म्हणून घेणंच सोडून दिलं. खटले पुन्हा जुन्या वळणावर गेले. ज्यानं डोळ्यांनी पाहिलं, त्यानं शपथेवर सांगायचं.

आत्माराम खडकेच्या विरोधात असं सांगणारा होता त्याचाच मेहुणा, पुंडलिक.

आत्माराम मेळघाटातला वनरक्षक. मार्चमध्ये एका रात्री अडीच वाजता चिंचखेड्याच्या लाकूड डेपोला आग लागली आणि आत झोपलेला चौकीदार जळून मेला. चोरट्या सागावरून डेपोतल्या माणसांशी आत्मारामचं आठवड्यापूर्वीच कडाक्याचं भांडण झालं होतं. डेपोच्या मागंच राहणाऱ्या पुंडलिकनं रडत रडत सांगितलं, "आगीच्या उजेडात भाऊजी पळताना दिसले." आत्माराम म्हणत होता, आपण घाटापलीकडे, चाळीस किलोमीटरवरच्या चौकीत दुर्बिणीतून ताऱ्यांची छायाचित्रं घेत बसलो होतो. एकटेच.

बायको, पुंडलिकची बहीण रेणुका, तुरुंगात भेटायला आली तेव्हा त्यानं जाळीतून विचारलं, "तुले काय वाटते?"

ती पदराच्या टोकाशी चाळा करत राहिली. "पुंडलिक खोटं बोलत नाही," एवढंच म्हणाली.

जूनमध्ये त्याला भेटायला एक अनोळखी बाई आल्या. डॉ. अनघा धोंगडे, खगोलशास्त्रज्ञ. आत्मारामच्या वकिलानं त्याच्या दुर्बिणीवरच्या कॅमेऱ्यातली त्या रात्रीची छायाचित्रं दहा-बारा शास्त्रज्ञांना पाठवली होती. ती उघडून पाहिली फक्त यांनी.

"तुम्ही हीच दीर्घिका का बघत होता?" त्यांनी विचारलं.

"तिच्यात तारे लई फुटते, मॅडम. दीडशे वर्षांत आठ. मी अकरा वर्षांपासून नवव्याची वाट पाहून रायलो."

बाई हसल्या. कन्या राशीतली ती दीर्घिका, म्हणजे अब्जावधी ताऱ्यांचं बेट, 'दंड-सर्पिल' जातीची होती. तिच्या मध्यातून ताऱ्यांचा एक सरळ दांडा गेलेला असतो आणि दांड्याच्या दोन्ही टोकांपासून वळणदार बाहू निघतात. टोकांपाशी वायू दाटतो, तिथं भराभर मोठे तारे जन्मतात आणि तितक्याच भराभर फुटून मरतात. फुटणाऱ्या ताऱ्याला अतिनवतारा म्हणतात.

"तुमचा नववा त्याच रात्री फुटला," बाई म्हणाल्या.

आत्मारामनं जाळी घट्ट धरली. "दिसला होता मले! खालच्या टोकापाशी. पण सकाळी पोलीस आले, अन् मंग कोणाले सांगू?"

"नीट ऐका. तारा आतून फुटला की धक्का पृष्ठभागावर पोचताना एक चमक उठते. आम्ही तिला 'प्रथमस्फुरण' म्हणतो. ती तास-दीड तास टिकते आणि वाऱ्यातल्या दिव्यासारखी वेडीवाकडी फडफडते. कुठला तारा कसा फडफडेल, हे आधी कुणीच सांगू शकत नाही. त्या रात्री ती फडफड आमच्या अवकाशातल्या दुर्बिणीनं टिपली. ती नोंद गेल्या आठवड्यापर्यंत आमच्या सहा जणांपलीकडं कुणी पाहिलेली नव्हती."

"अन् माझा कॅमेरा तं सकाळी आठलाच जप्त झाला."

"तेच! बाकी जगातलं कुठलंही चित्र खोटं करता येईल. हे येणार नाही. खोटं करायला ती फडफड माहीत हवी, आणि कॅमेरा जप्त झाला तेव्हा आमच्याशिवाय पृथ्वीवर ती कुणालाच माहीत नव्हती. तुमच्या नव्वद चित्रांतली चमक आमच्या नोंदीशी मिनिटामिनिटाला जुळते. दीडपासून तीनपर्यंत."

आत्मारामनं जाळी सोडली. त्यानं विचारलं, "लई सुंदर होता नं, मॅडम, तारा?"

न्यायालयात सरकारी वकिलांनी योग्य तीच शंका काढली. कॅमेरा तिथं होता, पण माणूस होता कशावरून? दुर्बीण हलवायला दुसरं कुणी बसलं असेल.

ती दुर्बीण आत्मारामनं स्वतः घडवली होती. तिला मोटर नव्हती. पृथ्वी फिरते तशी ती एका लाकडी चाकानं हातानं फिरवत राहावी लागे. न्यायाधीशांनी चौकीतल्या दगडी खांबावरून ती उतरवून आणवली आणि न्यायालयाच्या आवारात मांडली. सकाळचे दहा वाजले होते, पावसानं उघडीप दिली होती, पश्चिमेला फिकट चंद्र होता. एका हवालदाराला तो दुर्बिणीत धरून ठेवायला सांगितलं. अर्ध्या मिनिटात चंद्र सुटला. महाविद्यालयातल्या दोन प्राध्यापकांनी प्रयत्न केला, त्यांचाही सुटला. मग आत्मारामची बेडी काढली. तो चाकापाशी बसला, श्वास सोडला आणि बोटांच्या टोकांनी चाक फिरवू लागला. चाळीस मिनिटं चंद्र कॅमेऱ्याच्या पडद्याच्या मधोमध खिळून राहिला.

ती दुर्बीण दीड तास स्थिर धरणारा हात त्याचाच, हे न्यायाधीशांना पटलं. चौथ्या दिवशी तो निर्दोष सुटला.

न्यायालयाच्या दाराशी पुंडलिक उभा होता. "भाऊजी, देवाशपथ, मले तुमीच दिसले होते," म्हणून तो ओक्साबोक्शी रडला. आत्मारामनं त्याला जवळ घेतलं. मनात राग शोधून पाहिला, सापडला नाही. आगीच्या धुरात कुणाचाही चेहरा कुणासारखा दिसेल. घरी आल्यावर अंगणात आंघोळ करताना तो एकटाच मोठ्यानं हसला. रेणुकानं पुरणपोळी केली होती. चार महिन्यांत पहिल्यांदा ती त्याच्या डोळ्यांत बघून बोलली. त्या दुपारी तो अंथरुणावर पडला तो थेट दिवेलागणीला उठला.

त्याच्या निकालानं मात्र जग पुन्हा बदललं. रोज कुठल्या ना कुठल्या दीर्घिकेत तारा फुटतच असतो. कुणाला नक्कल करता येऊ नये म्हणून मोठ्या वेधशाळा त्या फडफडीच्या नोंदी सहा महिने कुलूपबंद ठेवू लागल्या, आणि लोक टोपीवर छोटे कॅमेरे लावून माणूस आणि आकाश एकत्र टिपू लागले. या छापाला 'आकाशमुद्रा' म्हणू लागले. मुद्रा असलेल्या माणसाला कुणी खोटं पाडू शकत नसे. मुद्रा नसलेल्याचं मात्र हळूहळू कुणी ऐकूनच घेईना.

पुढल्या जुलैत मेळघाटावर ढग बसले, ते हलेनात. तारे नाहीत म्हणजे मुद्रा नाही. अंधार पडला की गावात कुणी एकटं घराबाहेर पडेना. शेतावर, दवाखान्यात, शेजारीसुद्धा लोक तिघं-तिघं मिळून जात, एकमेकांचे साक्षीदार म्हणून.

संध्याकाळी आत्माराम चौकीवर निघाला, तेव्हा रेणुका दारात आडवी आली. "एकटे नका जाऊ. शेजारच्या दोघायले सांगून ठेवलं हाये म्या."

तो बुटाची नाडी बांधता बांधता थांबला. "रेणुका, त्या रात्री ढग असते तं?"

ती भाकरी फडक्यात बांधत होती. तिनं गाठ मारली, सोडली, पुन्हा मारली.

"तरी दर गुरुवारी तुमाले तुरुंगात भेटाले आली असती मी," ती म्हणाली. आवाजात खरी माया होती.

तो पुढच्या शब्दाची वाट बघत राहिला. मग त्यानं तिच्या हातातलं फडकं घेतलं आणि अंगणात उभ्या असलेल्या त्या दोघांमध्ये जाऊन चालू लागला.