पळती खोली

बसा पोरांनो. दिवा राहू दे, अंधारात सांगायची माझी हौस कधीच फिटली. ही गोष्ट दोघा रंगारी भावांची. कित्येक वर्षं माझ्याच दुकानातून रंग नेत, म्हणून खात्रीने सांगतो.

मार्चमधला शेवटचा शनिवार, रात्रीचे पावणेदहा. गावाबाहेरचं एक दुमजली घर, बरीच वर्षं बंद पडलेलं. मालक सकाळी सामान घेऊन येणार होता आणि वरची एक खोली अजून रंगवायची होती. राबून राबून दोघांचा पिट्ट्या पडला होता. थोरल्याचे खांदे उचलत नव्हते. धाकट्याचं तर विचारूच नका. घरी महिन्याची मुलगी. हा दिवसभर भिंती घासायचा आणि रात्री तिला खांद्यावर घेऊन फेऱ्या मारायचा. शिडीवर उभ्या उभ्या डुलक्या काढत होता बिचारा.

आता आपल्याकडे कुठे कुठे जागा पळती असते, ते तुम्हाला माहीत आहे. बंद घरात एखाद्या खोलीतला काळ सुटतो. बाहेर चहा उकळेपर्यंत आत दिवस उलटतो. म्हणून रंगारी आधी दाराबाहेर उभं राहून, लांब दांड्याच्या रोलरने आतल्या भिंतीवर एक ओला पट्टा मारून बघतात. झटकन वाळला, की शिडी उचलायची आणि चालू पडायचं. मालक काहीही म्हणो.

धाकट्याने पट्टा मारला. थोरल्याने पाण्याची बाटली उघडून झाकण लावेपर्यंत पट्टा खडखडीत वाळला होता.

"पळती आहे. चल, सामान आवर," थोरला म्हणाला.

"अरे दादा, हे तर देवासारखं धावून आलंय! एक हात मारू, बाहेर येऊ, तोवर वाळेल. दुसरा मारू आणि घरी जाऊ. नाहीतर इथेच उजाडेल."

थोरल्याला भीती होती, पण भीतीपेक्षा झोप मोठी होती. दोघांनी दोन्ही हात मारले. शेवटी बाहेर उभं राहून दाराची चौकट रंगवली. घड्याळात अजून दहासुद्धा वाजले नव्हते.

"दादा, पाच मिनिटं आत पाठ टेकतो."

"इथे? डोकं फिरलंय का?"

"बाकी घर सगळं ओलं आहे रे. हीच एक खोली वाळलीय. पाच मिनिटं, शप्पथ."

फोन खाली चार्जिंगला ठेवून धाकटा आडवा झाला सुद्धा. थोरल्याने मनाशी म्हटलं, मी खाली ब्रश धुतो, तेवढ्यात आत याची रात्रभराची झोप होईल. महिन्याभरात पहिल्यांदा सलग झोपेल. बाहेरच्या बल्बचा उजेड धाकट्याच्या डोळ्यांवर येत होता, म्हणून त्याने दार हलकेच ओढून घेतलं. मायेपोटी हो. ओल्या चौकटीत दार लावलं की ते चिकटून बसतं, हे नवशिक्यालाही ठाऊक असतं. त्याला आठवलं नाही. आणि पळती जागा एका चालीने पळत नाही, हेही आठवलं नाही. फार दमला होता.

खाली नळाशी दोन ब्रश धुऊन झाले. तिसरा घेतला.

वरून आवाज आला. टर्र... एकदाच. सुक्या शेंगा हलवाव्यात तसा. मग शांत.

"येतो रे," थोरला म्हणाला. जिना चढायचं जिवावर आलं होतं. त्याने तिसरा ब्रश धुतला. झटकला. मग वर गेला.

दार हलेना.

"ए... उघड."

काही नाही.

त्याने पत्र्याच्या पट्टीने फट खरवडली. खांदा लावला. दार सुटलं.

आत...

भिंतीला टेकून एक म्हातारा बसला होता. दाढी मांडीवर. बोटांची पेरं झिजलेली. दार ठोठावून ठोठावून. आयुष्यभराचं ते ठोठावणं थोरल्याने खाली ऐकलं होतं. टर्र.

म्हाताऱ्याने वर पाहिलं. रागावला नाही. रडला नाही. नुसता थकून गेला होता.

"दादा... बाळ झोपलं का?"

एवढंच. मान कलली.

आत काय खाल्लं, कसा जगला, मला विचारू नका. मलाही कळलेलं नाही. डॉक्टर म्हणाले, म्हातारपणाने गेले. भावजयीला थोरल्याने काय सांगितलं, ते विचारायचा मला धीर झाला नाही. पुतणीला मात्र त्याने पोटच्या पोरीसारखं वाढवलं.

त्या दाराच्या आतल्या बाजूला पेन्सिलीच्या आडव्या रेघा होत्या. खालून वर, एकीवर एक. सगळ्यात खालच्या रेघेशी धाकट्याच्या अक्षरात लिहिलं होतं, 'बाळ उभी राहिली.' थोरल्याने मालकाकडून ते दार मागून आणलं आणि घरात भिंतीला लावून ठेवलं. पोर उभी राहायला लागली, त्या दिवशी तिला दाराशी धरली. डोकं बरोबर पहिल्या रेघेला. पुढच्या वर्षी दुसऱ्या रेघेला. मग दर वर्षी. केसाचाही फरक नाही.

परवा मी त्यांच्याकडे गेलो होतो. पोर शाळेतून आली, दप्तर फेकलं आणि हसत दाराला पाठ लावून उभी राहिली. डोकं रेघेला टेकलं. थोरल्याने रेघेच्या वर दारभर बोट फिरवलं.

ती शेवटची रेघ. तिच्या वर दार कोरं आहे.

मी त्याला बाजूला घेतलं. म्हटलं, "अरे, आत पेन्सिल संपली असेल त्याची."

खिशात हात घालून त्याने खोलीत सापडलेली ती पेन्सिल माझ्या तळहातावर ठेवली.

अर्ध्याहून जास्त शिल्लक होती.